आम्ही उभ्या होतो

काशीनाथ शिरसाटांचं पहिलं पुण्यस्मरण नीट पार पडलं, म्हणजे भात कमी पडला नाही आणि भाषणं लांबली. भाषणं लांबणारच. लेस्टरमधल्या आपल्या माणसाच्या हातात माइक दिला की तो परत घ्यायला दुसरा माणूस लागतो. विहारातून आलेल्या प्रत्येकानं तेच सांगितलं: होजिअरी फॅक्टरीचा तो जुना संप, गेटबाहेर बर्फात उभे राहिलेले काशीनाथराव, आणि एवढं करूनही कधी स्टेजवर न चढलेला माणूस. चौदा एप्रिलला दरवर्षी त्यांना सत्काराला बोलवायचे आणि हे दरवर्षी मागच्या रांगेत जाऊन बसायचे. केवढी नम्रता, असं म्हणत लोकांनी फोटोला फुलं वाहिली, वंदना झाली, जेवणं झाली आणि पाहुणे पांगले.

मागे घरचीच पाच माणसं उरली. काशीनाथरावांच्या पत्नी नंदाबाई सोफ्याच्या कडेला बसल्या होत्या, जरा कुणी हाक मारली की उठायच्या तयारीत. समोरच्या खुर्चीत त्यांची नणंद कांताबाई. काशीनाथरावांची ही धाकटी बहीण दोन गल्ल्या सोडून राहायची. धाकटा मुलगा उदय कौन्सिलच्या निवडणुकीला उभा होता, त्यामुळे येता-जाता फोनवर होता. आणि मोठा संघर्ष क्रॉयडनहून बायकोला, भावनाला, घेऊन आलेला. तो टीव्हीच्या मागे गुडघ्यावर बसून लॅपटॉपची वायर खुपसत होता.

ज्या माणसाला अर्धा देश टीव्हीच्या आत ओळखतो, त्याला टीव्हीच्या मागचं काही जमत नाही, असं उदयनं म्हणून घेतलं. संघर्ष हसला. राजकीय डॉक्युमेंटरी आणि सभागृहात लोकांना समोरासमोर बसवून केलेल्या चर्चा, यात त्याची तीस वर्षं गेली होती. मंत्री, पोलिसातले साहेब, कंपन्यांचे मालक, कुणीही येवो, शेवटी त्याचा एक प्रश्न ठरलेला: त्या दिवशी तुम्ही नक्की कुठे उभे होता? प्रश्न साधाच, पण भले भले त्यावर पाणी मागायचे. सुपरमार्केटमध्ये अनोळखी पोरं त्याला लांबून हाच प्रश्न ओरडून विचारायची आणि तोही मजेनं उत्तर द्यायचा की दुधाच्या लाइनमध्ये.

आता ही त्याची शेवटची मोठी फिल्म होती. सोमवारी ती चॅनेलकडे जाणार, मग त्यातलं अक्षरही हलणार नव्हतं. त्याआधी घरच्यांनी पाहावी, आणि ती आजच्या दिवशी पाहावी, असं त्याच्या मनात होतं. नंदाबाई म्हणाल्या होत्या, आज कशाला, दमलेत सगळे. पण संघर्षनं ऐकलं नाही. लहानपणापासून त्याला कुणी नको म्हटलं की तिथेच काहीतरी आहे असं वाटायचं, आणि त्यावरच त्यानं पुढे पोट भरलं.

फिल्म त्याच वाक्यानं सुरू झाली, ज्यानं त्याची पहिली फिल्मही सुरू झाली होती. पडद्यावर जुनं लोखंडी गेट, आणि संघर्षचा तो भारदस्त इंग्रजी आवाज: माझे वडील या गेटच्या बाहेर उभे होते.

भावना नागपूरची. दहावीपर्यंत मराठी शाळेत शिकलेली, मग डॉक्टर होऊन इकडे आलेली. नवऱ्याच्या फिल्मा ती एका कानानं ऐकते आणि दुसऱ्यानं उद्याच्या दवाखान्यातल्या पेशंटांचा विचार करते, हे संघर्षलाही माहीत होतं आणि त्याचं त्याला काही वाटत नसे. पण शेवटच्या भागात कांताबाई पडद्यावर आल्या तशी ती नीट बसली. गेटच्या जागी आता फ्लॅट झालेत. त्यांच्यासमोर फुटपाथवर जाड कोट घालून कांताबाई उभ्या, आणि कॅमेऱ्यामागून संघर्ष आपल्या मोडक्या मराठीत विचारत होता, "आत्या, आपण सगळे इथेच उभा होतो ना?"

पडद्यावरच्या कांताबाई थोडा वेळ त्याच्याकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "आम्ही उभ्या होतो."

खाली इंग्रजीत अक्षरं आली: आम्ही सगळे इथे उभे होतो. ही अक्षरं संघर्षनं स्वतः लिहिली होती. ट्रान्सलेटर ठेवू का, असं ऑफिसनं विचारलं होतं, तर म्हणाला होता, माझ्या आत्याचं बोलणं मला परक्यानं सांगायला नको.

भावनाच्या मनात आलं, छे, आपणच चुकीचं ऐकलं. ती म्हणाली, जरा मागे घे ना. संघर्षनं घेतलं. तिनं दुसऱ्यांदा ऐकलं आणि तिला वाटलं की गप्प बसावं. पण त्यानं तिचा चेहरा पाहिला होता आणि चेहरा पाहिल्यावर सोडायचं नाही हा त्याचा धंदाच. काय झालं, काय झालं, म्हणून तो मागेच लागला.

"आत्या 'उभ्या' म्हणाल्या," भावना म्हणाली. "'उभे' नाही. त्यात एक जरी पुरुष असता तर 'उभे' झालं असतं. आणि तू त्यांना 'आपण' विचारलंस, त्या 'आम्ही' म्हणाल्या. म्हणजे तुझ्या घरचं कुणी त्यात नाही."

उदयनं फोन खाली ठेवला. वहिनी, तुम्ही आता फिल्मचं व्याकरण तपासणार का, असं तो हसून म्हणाला, पण ते हसू काही पुढे सरकलं नाही. संघर्ष आधी बायकोकडे बघत राहिला, मग आत्याकडे. उभा, उभी, उभे, उभ्या. लहानपणी शनिवारच्या मराठी वर्गात त्याला हे कधी जमलं नाही आणि इंग्रजीत त्याची गरज पडली नाही. इंग्रजीत सगळे 'वी'. त्या एका शब्दात कुणीही बसतं.

"आत्या," तो म्हणाला, "बाबा बाहेर होते ना?"

कांताबाई नंदाबाईंकडे बघत होत्या. नंदाबाई उठल्या आणि चहा टाकते म्हणून किचनमध्ये गेल्या. चहा नुकताच झाला होता.

किचनमध्ये नंदाबाईंनी खरंच आधण ठेवलं. हात चालू असले की त्यांना बरं वाटायचं. त्यांना वाटलं होतं की नवरा गेला तेव्हा ही गोष्टही त्याच्याबरोबर गेली. वर्षभर त्या त्या समाधानात होत्या आणि त्या समाधानाची त्यांना लाजही वाटत होती. झाकली मूठ सव्वा लाखाची, असं म्हणत म्हणत आयुष्य गेलं, आणि आता मूठ उघडली ती नागपूरच्या सुनेनं, तीही एका अक्षरावरून. पण सुनेचा राग येईना. उलट पाठीवरचं ओझं कुणीतरी हात लावून जरा उचलावं तसं झालं.

संघर्ष दारात येऊन उभा राहिला. त्यानं प्रश्न विचारला नाही. विचारला असता तर त्या बोलल्या नसत्या. तो नुसता उभा राहिला, म्हणून त्यांनी गॅस बंद केला आणि सांगितलं.

तुझ्याआधी एक मुलगी झाली होती, त्या म्हणाल्या. हे त्याला माहीत होतं. ती ओल आलेल्या खोलीत, छातीत कफ होऊन गेली, हेही माहीत होतं. माहीत नव्हतं ते पुढचं. पुढच्या हिवाळ्यात संप झाला तेव्हा संघर्ष पोटात होता. हीटर बंद, भिंतीला हात लावला तर पाणी. एक दिवस त्यांनी नवऱ्याला सांगितलं की तुमच्या बहिणीला तिचा नवरा आहे, त्याची बसची नोकरी आहे, ती उभी राहू शकते. माझ्या पोटातल्याला कोण आहे?

"ते जात नव्हते," नंदाबाई म्हणाल्या. "मी पाठवलं. मालक पहाटे व्हॅन पाठवायचा, त्यात बसून कामावर गेले. संप मिटेपर्यंत जात होते."

संघर्षला काय वाटलं असेल? पहिल्यांदा तर भीती वाटली. तीस वर्षं टीव्हीवर उभा राहिलेला माणूस आईच्या किचनमध्ये घाबरला. त्याला वडिलांबरोबरचा तो दिवस आठवला, पहिल्या फिल्मच्या आधीचा. त्यानं विचारलं होतं, बाबा, तुम्ही त्या संपात होता ना? काशीनाथराव बराच वेळ खाली बघत राहिले आणि म्हणाले, मी होतो तिथं. एवढंच. बाकी सगळं संघर्षनं भरलं. गेट त्यानं भरलं, बर्फ त्यानं भरलं, बाहेर त्यानं भरलं. वडिलांनी फिल्म पाहिली आणि काही न बोलता वर जाऊन झोपले. त्याला वाटलं, भरून आलं असेल.

"मग माझं नाव?" त्यानं विचारलं. "ते संपावरून नाही ठेवलं?"

"नाव वन्संनी ठेवलं. आत्याचा मान तो. बोलणं बंद होतं तरी बारशाला आल्या, तुझ्या कानात सांगितलं आणि पाणीसुद्धा न पिता गेल्या. तुझ्या बाबांनी त्याला टोमणाच धरला. त्यांनी तुला कधी नावानं हाक मारलेली आठवते तुला?"

त्याला आठवेना. बाळ म्हणायचे. तो पन्नाशीचा झाला तरी बाळच.

बाहेरच्या खोलीत तोवर उदयनं बाजू मांडून ठेवली होती. उदय काही वाईट नाही. वडिलांचं शेवटचं आजारपण त्यानंच काढलं, दादा तर रविवारी यायचा. त्याचं म्हणणं असं की एक शब्द आहे, इंग्रजी अक्षरं आहेत तशी राहू देत, कुणाला कळणार? त्याच्या पत्रकावर वडिलांचा संप छापलेला होता, हे त्यानं स्वतःच सांगून टाकलं. आपला स्वार्थ आहेच, तो म्हणाला, पण दुसरंही एक आहे. बाबा आता उत्तर द्यायला नाहीत. दादा ज्यांना प्रश्न विचारतो ते निदान खुर्चीत बसलेले असतात.

गंमत अशी की भावनाही त्याच्याच बाजूला गेली. तोंड उघडून बसल्याचा तिला आता पश्चात्ताप होत होता. वाक्य बदल, ती संघर्षला म्हणाली, 'माझे वडील' काढून 'माझी आत्या' घाल, तेही खरंच आहे, आणि बाबांना राहू दे त्यांच्या जागी. संघर्षनं ते ऐकून घेतलं. वाट सोपी होती आणि खोटीही नव्हती. तशाच वाटेनं निघून जाणाऱ्या माणसांना त्यानं आजवर कॅमेऱ्यासमोर अडवलं होतं.

सांग, असं म्हणाल्या त्या नंदाबाई. सगळ्यांना वाटलं होतं की त्या पदर पसरतील. पण त्या म्हणाल्या, सांग, आणि माझं नाव घालून सांग. ते आत गेले, माझ्यामुळे गेले. जन्मभर मागच्या रांगेत बसले, मीच बसवलं. आज तो माइकवाला नम्रता नम्रता म्हणत होता तेव्हा मला उठून जावंसं वाटत होतं.

आणि नाही म्हणाल्या त्या कांताबाई. ज्यांचा राग धरायचा हक्क होता त्याच. गुडघ्यावर हात टेकून त्या पुढे झुकल्या आणि संघर्षला स्पष्ट सांगितलं की माझ्या भावाला चव्हाट्यावर उघडा करायचा नाही. तुला फिल्म काढायची तर माझी काढ. म्हणून तर तुला 'आम्ही' म्हटलं. खोटं मला बोलायचं नव्हतं आणि खरं तुला सांगायचं नव्हतं.

"मग तू एवढी वर्षं गप्प का राहिलीस?" संघर्षनं विचारलं. "पहिली फिल्म पाहिलीस, तेव्हा का नाही सांगितलंस?"

"तुझी आई माझ्या दारात येऊन उभी राहिली होती. तुला पोटाशी धरून. म्हणाली, पोरांना कळू देऊ नका. मी शब्द दिला. दिला तो दिला."

मग संघर्षनं फोन घेतला आणि तिथेच, सगळ्यांसमोर, आपल्या एडिटर बाईला, हेलनला, लावला. रविवारी दुपारी त्याचा फोन म्हणजे तिलाही नवल वाटलं असणार. त्यानं सांगितलं की फिल्म सोमवारी येणार नाही, पहिलं वाक्य चुकीचं आहे. ती म्हणाली असेल, किती चुकीचं? कारण तो म्हणाला, पूर्ण. माझे वडील आत गेले होते. मालकाच्या व्हॅनमधून. हो, माझी खात्री आहे. नाही, चॅनेलला मी सांगतो. लोक काय म्हणतील ते मला माहीत आहे, हेलन, तीस वर्षं मीच ते म्हणत आलोय.

नंदाबाईंना इंग्रजी बेताचंच, पण एवढं कळलं. त्यांनी डोळे मिटले. उदय उठून खिडकीशी गेला. आपली पत्रकं आता नव्यानं छापावी लागणार, असं तो पुटपुटला, आणि मग परत येऊन आईच्या शेजारी बसला.

कांताबाई मात्र संतापल्या होत्या. एवढ्या वर्षांत त्यांना असं कुणी पाहिलं नव्हतं. माझं कुणी ऐकलं नाही, त्या म्हणाल्या, तेव्हाही नाही आणि आजही नाही. तुम्ही लोक त्याला आणखी एकदा मारताय. माझा भाऊ लाजेनं अर्धा झाला होता, ते मी रस्त्याच्या पलीकडून बघत होते. आता दुनिया त्याला स्कॅब म्हणेल, संपफोड्या. त्या गेटवर आम्हीच तो शब्द ओरडायचो, व्हॅन आली की. तो कसा लागतो ते मला विचारा.

तेव्हा नंदाबाई हळूच म्हणाल्या की वन्सं, लाज होती, खरं आहे. पण त्यांना खाल्लं ते दुसऱ्याच गोष्टीनं. शेवटच्या आजारातसुद्धा तेच बोलत होते.

"काय बोलत होता?"

"पहिल्या दिवशी व्हॅन गेटवर अडली. सगळ्या बायका काचेवर हात मारत होत्या. तुम्ही अगदी पुढे होता. तुम्ही आत बघितलंत, यांची-तुमची नजर झाली आणि तुम्ही मान फिरवलीत. घरी येऊन म्हणाले, कांतानं मला टाकलं. जाताना पण म्हणाले. नंदा, कांतानं मला ओळख दिली नाही."

भावना कांताबाईंजवळ जाऊन बसली आणि डॉक्टरच्या सवयीनं तिनं त्यांचा हात हातात घेतला. त्यांनी तो सोडवून घेतला, भिंतीवरच्या फोटोकडे बघितलं, मग संघर्षकडे. त्याचं ते सगळं सामान कुठे आहे, त्यांनी विचारलं. गाडीत आहे म्हणाला. आण, त्या म्हणाल्या.

त्यानं आणलं. आत्तापर्यंत ओरडणाऱ्या बाईनं एकदम कॅमेरा का मागितला ते त्याला कळलं नव्हतं, पण विचारायचं धाडस झालं नाही. स्टँड उभा केला, खिडकीचा पडदा बाजूला सारला, आत्याच्या कॉलरला छोटा माइक लावायला घेतला. माइकची क्लिप त्याला नीट लावता येईना, शेवटी उदयनं लावून दिला. नंदाबाई उठून बाजूला व्हायला लागल्या, तर कांताबाई म्हणाल्या, वहिनी, तू इथंच बस. माझ्याजवळ.

संघर्षनं लाल दिवा लागलेला पाहिला. कसा सुरू करायचा प्रश्न, मराठीत की इंग्रजीत, 'तू' की 'आपण', त्याला काही सुचेना. त्यानं आत्याला सांगितलं की माझ्याकडे बघून बोल, मुलाखतीत सगळे तसंच करतात, लेन्सकडे बघायचं नाही.

"तुझ्याशी नाही बोलायचं मला," कांताबाई म्हणाल्या, आणि सरळ लेन्समध्ये बघितलं.

"भाऊ, मी तुला बघितलं होतं. त्या बायका आत बसलेल्यांची तोंडं बघून घरं शोधून काढायच्या. रात्री काचा फोडायच्या. वहिनी घरात एकटी असायची, अवघडलेली. मी ओळख दिली असती तर माझ्या मागनं त्या तुझ्या दारात आल्या असत्या." नंदाबाईंनी तोंडावर पदर धरला होता. "मला वाटलं, तुला कळलं असेल रे."